तुझा गेंगार माझ्याकडेच आहे

सातारा
रविवार, रात्री

प्रिय पक्या,

सप्रेम नमस्कार.

दिवाळीत फोन करतो म्हणालो होतो, आता गणपतीही येऊन गेले. त्यावर तू जे बोलशील ते सगळं ऐकून घेईन, पण आधी हे वाच, कारण दुसऱ्या कुणाला सांगून उपयोग नाही. गेम बॉयवरच्या आपल्या पोकेमॉन गोल्ड खेळाची कॅसेट सापडली. आतला सेल अजून जिवंत आहे! कंटिन्यू दाबलं की सगळं जागच्या जागी, आणि पोकेमॉन ठेवायच्या चौथ्या बॉक्समध्ये तुझा गेंगार, तो भुताचा पोकेमॉन. लेव्हल ५२. ट्रेनरच्या नावापुढे तुझंच नाव.

आईचा गुडघा आता बरा आहे, बाबा सकाळचे फिरायला जातात. बाकी ठीक.

मला गोल्ड अगदी पहिल्यापासून खेळायचंय, खेळ सुरू होतो त्या न्यू बार्क टाउनपासून. पण त्या कॅसेटमध्ये सेव्हची जागा एकच. न्यू गेम दाबल्यावर जुनं लगेच पुसलं जात नाही, नव्या खेळात पहिल्यांदा सेव्ह करायला गेलं की विचारतं, आधीची फाइल आहे, तिच्यावर लिहू का? तिथे हो म्हटलं की बॉक्सांसकट सगळं गेलं. माझे टायफ्लोजन आणि लाल ग्याराडोस गेले तर मला चालेल, ते पुन्हा मिळवता येतात. तुझा गेंगार माझा नाही. तू हाँटर दिला होतास तो इव्हॉल्व्ह होऊन गेंगार बनण्यापुरता, कारण केबलने दुसऱ्याच्या खेळात पाठवला तरच तो बनतो; लगेच परत घेणार होतास. मग केबल गेली. ती तुझ्या दादाने नेली की माझ्या, यावरून आठवीत आपण महिनाभर बोललो नव्हतो. (तुझ्याच दादाने. अजून तेच म्हणणं आहे.)

तर गेंगार आधी घरी पोचवायचा आणि मगच मी नवा खेळ सुरू करणार. घर म्हणजे तुझी सिल्व्हर, गोल्डच्या जोडीच्या खेळाची कॅसेट. ती लावल्यावर कंटिन्यू दिसतच नाही, असं तू मागे म्हणाला होतास. म्हणजे तिचा सेल संपलाय, कॅसेट बिघडलेली नाही. या कॅसेटमधलं सेव्ह सतत वीज लागणाऱ्या मेमरीत असतं आणि ती वीज आतला बटण सेल देतो. गोल्ड-सिल्व्हरमध्ये त्याच सेलवर घड्याळही चालतं, गेम बॉय बंद असतानासुद्धा, म्हणून आधीच्या रेड-ब्लू खेळांपेक्षा यांचे सेल लवकर जातात. माझ्या सेलचं व्होल्टेज मीटरने पाहिलं तर २.७ आलं. नव्याचं ३ च्या वर असतं. मला घाई का झालीये ते यावरून कळेल.

सेल तू स्वतः बदलू शकशील. सीआर २०२५ हवा, पण दुकानात सुटा मिळतो तो नको, पत्र्याच्या पट्ट्या आधीच वेल्ड केलेला माग, टॅबवाला. सुट्या सेलवर थेट सोल्डर मारलं तर तो उष्णतेने खराब होतो, फुटूही शकतो. सीआर २०३२ घेऊ नकोस, तो ३.२ मिलिमीटर जाड असतो आणि २०२५ हा २.५, झाकण नीट बसत नाही. कॅसेटला मागे एकच स्क्रू आहे. त्याला ३.८ मिलिमीटरचा गेमबिट, म्हणजे खास स्क्रू ड्रायव्हर, लागतो, साध्या स्क्रू ड्रायव्हरने डोकं झिजेल. स्क्रू काढला की पुढचं झाकण थोडं खाली सरकव आणि मग उचल, ओढू नकोस. जुना सेल काढण्याआधी मोबाइलवर फोटो काढ, कुठली बाजू प्लस आहे ते त्यात दिसायला हवं. जुन्या जोडावर थोडा फ्लक्स आणि नवं सोल्डर लाव, म्हणजे तो पटकन वितळतो. पट्टी सुटली की लगेच सोल्डरिंग आयर्न बाजूला घे. एका जागी चारपाच सेकंदांहून जास्त टेकवलं तर बोर्डावरचा तांब्याचा ठिपका उचलला जातो आणि मग काम खरंच अवघड होतं. नवा सेल जोडल्यावर मीटरने एकदा बघ. मग खेळ सुरू कर, सेव्ह कर, गेम बॉय बंद करून कॅसेट काढ, दहा मिनिटं थांब, परत लाव. कंटिन्यू दिसलं तर झालं.

आणि फुंकर मारायची नाही! आपण दोघं लहानपणी जे करायचो ते चूक होतं. तोंडातली वाफ पिनांवर बसते आणि तांबं काळं पडत जातं. आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये कान साफ करायची काडी बुडव, पिना पूस, वाळू दे.

यानंतरचा भाग मला जड जातोय, तो शेवटपर्यंत वाच.

सिल्व्हर नव्याने सुरू केलीस की खेळ तुला नवा आयडी नंबर देईल, ० ते ६५५३५ मधला कुठलाही. नाव तू तेच टाकशील, तरी नंबर तोच येणार नाही. आणि पोकेमॉन आपला की परका हे खेळ नाव बघून ठरवत नाही, नंबर बघतो. म्हणजे गेंगार तुझ्याकडे परत येईल, त्याच्यावर तुझंच नाव असेल, पण तो तुला ओळखणार नाही. परक्याचा पोकेमॉन म्हणूनच वागेल. एकही बॅज (जिमच्या प्रमुखाला हरवलं की मिळतो तो) नसताना असे पोकेमॉन लेव्हल १० पर्यंतच ऐकतात. बग्सीचा हाइव्ह बॅज मिळाला की ३० पर्यंत, मॉर्टीच्या फॉगने ५० पर्यंत, चकच्या स्टॉर्मने ७० पर्यंत, क्लेअरचा रायझिंग आला की सगळे. तुझा ५२ चा आहे. म्हणजे सियानवुडला जाऊन चकला हरवेपर्यंत तो मधूनच झोपेल, मधूनच पाठ फिरवेल. माझ्याकडेही तो परकाच आहे, पण माझ्याकडे सोळाच्या सोळा बॅज आहेत, त्यामुळे निमूट ऐकतो. इतकी वर्षं तो माझं ऐकतोय आणि तुझं ऐकणार नाही, हे कळल्यापासून मला चैन नाही. जुनी सिल्व्हर चालू असती तर नंबर जुळला असता. मी दोन वर्षं आधी माळा आवरला असता तर कदाचित जमलंही असतं.

तुझ्या लेकीचं दहावीचं काय झालं? नव्या घराचा ताबा मिळाला का? वहिनींना नमस्कार सांग.

केबलचं. गेम बॉय कलरचीच हवी, अ‍ॅडव्हान्सची केबल कलरच्या भोकात शिरत नाही. कलरची मात्र अ‍ॅडव्हान्सला चालते, म्हणून तुझ्याकडे अ‍ॅडव्हान्स असेल तर तोच आण. डीएस आणू नकोस, त्यात ही कॅसेट बसतच नाही. ट्रेड, म्हणजे पोकेमॉनची अदलाबदल, पोकेमॉन सेंटरच्या वरच्या मजल्यावर होतो, पण सिल्व्हरमध्ये ते काउंटर सुरुवातीला बंद असतं. मिस्टर पोकेमॉनकडून अंडं आणून प्रोफेसर एल्मच्या हातात दिल्याशिवाय उघडत नाही. तेवढं तासाभरात होतं. नंतर एल्मचा असिस्टंट पाच पोकेबॉल देतो, त्यात रूट २९ वर पिजी किंवा सेंट्रेट धर, कारण ट्रेडला तुझ्याकडे किमान दोन पोकेमॉन लागतात आणि गेंगारच्या बदल्यात मला काहीतरी द्यावंच लागतं. पिजी दे. मी सांभाळेन. दोन्हीकडे नवे पेन्सिल सेल घालू. लाल दिवा मंद असताना ट्रेड करायचा नाही, मध्येच वीज गेली तर एखाद्याकडे दोन होतात नाहीतर कुणाकडेच उरत नाही. हो, तशी नक्कल काढता येते, बॉक्स बदलताना सेव्ह होतं तेव्हा बंद करूनही. गेंगारवर मी तो प्रयोग करणार नाही, तूही सुचवू नकोस.

कॅसेट रीडरने सेव्ह कॉम्प्युटरवर उतरवताही येतं, ३२ केबीची फाइल होते. ते मी करणारच आहे, सेल कधीही जाईल म्हणून. पण फाइल ही फाइलच, परत केल्यासारखं त्यात काही नाही.

गेंगार हातात आला की त्याला शॅडो बॉल शिकवू नकोस. मॉर्टीने टीएम ३०, म्हणजे तो हल्ला शिकवायचं मशीन, दिली म्हणून तू शिकवायला निघाला होतास, आठवतंय? या पिढीत घोस्ट प्रकाराचे सगळे हल्ले (शॅडो बॉलही) फिजिकल धरतात, म्हणजे त्यांचा जोर स्पेशल अटॅकवर नाही, अटॅकवर ठरतो, आणि गेंगारचा अटॅक बेस ६५ आहे, स्पेशल अटॅक १३०. म्हणजे त्याची खरी ताकद वायाच जाते. थंडरपंच आणि आइस पंच शिकव, दोन्ही गोल्डनरॉडच्या डिपार्टमेंट स्टोअरमध्ये पाचव्या मजल्यावर ३००० ला मिळतात. आइस पंचने चॅम्पियन लान्सचे तिन्ही ड्रॅगोनाइट चौपट मार खातात. तेव्हाही मी हेच म्हणत होतो, तू ऐकलं नाहीस.

आणि यंदा सुरुवातीला मिळणाऱ्या तिघांतली चिकोरिटा घेऊ नकोस, हात जोडतो. फॉकनरचे पक्षी तिला मारतात, बग्सीचे किडे मारतात, मॉर्टीच्या भुतांवर तिचा गवताचा हल्ला निम्माच लागतो. चकच्या पॉलीरॅथवर ती चांगली चालते, पण तिथवर पोचायलाच तुझा अर्धा जीव जाईल. माझ्या मते पहिल्यांदा सिंडाक्विल, आणि पुन्हा खेळताना टोटोडाइल. मी टोटोडाइल घेणार.

जिमवाल्या व्हिटनीच्या मिल्टँकसाठी आतापासून ठरवून ठेव. तिचा रोलआउट हा रॉकचा हल्ला लागत गेला की प्रत्येक वारीला दुप्पट होतो, ३०, ६०, १२०, २४०, ४८०. रूट ३४ वर ड्राउझी धर आणि त्याच डिपार्टमेंट स्टोअरच्या पाचव्या मजल्यावर तो देऊन मचॉप घे, मसल नावाची. मसल मादी आहे आणि मिल्टँकही, म्हणून मिल्टँकचा भुरळ पाडणारा अट्रॅक्ट तिच्यावर चालत नाही. फायटिंगवर रॉकचा हल्ला निम्मा लागतो, म्हणून रोलआउटही सोसतो, आणि तिचा कराटे चॉप मिल्टँकला दुप्पट. शिवाय ट्रेडचा पोकेमॉन म्हणून अनुभव दीडपट मिळतो. यापेक्षा चांगला सौदा त्या अख्ख्या खेळात नाही.

यंदा दिवाळीत तू येशील तेव्हाच करू. त्याआधी माझा सेल दम टाकू नये एवढंच.

येताना सिल्व्हर आण, सेल बदलून आणि अंड्यापर्यंत खेळून. केबल मी बघतो.

तुझा,
सच्या

ता. क. सिल्व्हर सुरू करताना वेळ विचारेल ती खरीच टाक. रात्री खेळत असशील तर स्प्राउट टॉवरमध्ये गॅस्टली मिळतो, फक्त रात्रीच. एक धरून ठेव. लेव्हल २५ ला त्याचा हाँटर होईल, त्याच्यावर तुझा नवा नंबर असेल. केबल आहेच, माझ्याकडे पाठव, गेंगार झाला की त्याच मिनिटाला परत देतो.