जीन मार्शची रोझ

संपादक महोदय, स. न. वि. वि.

ब्रिटिश अभिनेत्री जीन मार्श १३ एप्रिल २०२५ ला वयाच्या ९० व्या वर्षी गेल्या, त्यांच्याबद्दल आपल्याकडे फारसं कोणी लिहिलं नाही म्हणून हे पत्र.

'अपस्टेअर्स, डाउनस्टेअर्स' या सिरीयलची मूळ कल्पनाच त्यांची आणि मैत्रीण आयलीन ॲटकिन्स यांची. दोघींच्याही घरात आधीच्या पिढीने बड्या लोकांकडे चाकरी केलेली, त्यामुळे वरच्या मजल्यावर मालक आणि तळघरात नोकर, आणि दोघांच्याही सुखदुःखाला सारखाच मान, हे त्यांना आतून माहीत होतं. १९७१ ते १९७५ अशी ती आयटीव्हीवर चालली आणि मोलकरीण रोझ बकचं काम स्वतः मार्शबाईंनी केलं, त्यासाठी १९७५ ला अमेरिकेचं एमी अवॉर्डही मिळालं.

रोझचं आयुष्य बघा ना, होणारा नवरा पहिल्या महायुद्धात मारला जातो, त्याने मागे ठेवलेले पैसे ती विश्वासाने मालकाच्या मुलाच्या हातात देते आणि तो ते १९२९ च्या शेअर बाजाराच्या पडझडीत घालवतो. मोठ्यांच्या चुका गरिबाच्या गाठीच्या पैशाने फिटतात हे इतक्या थेट टीव्हीवर क्वचितच दिसतं, आणि बाई कुठेही छाती पिटत नाहीत, फक्त चेहऱ्यावरून कळतं.

२०१० ला बीबीसीने सिरीयल परत आणली तेव्हा पंच्याहत्तरी ओलांडलेल्या मार्शबाई रोझ म्हणूनच परत आल्या. आपल्या मनोरंजन पुरवणीत अशा कलाकारांना जागा द्या ही कळकळीची विनंती.

आपला,
एक नियमित वाचक