विडंबन आणि अश्लीलता यांची गल्लत नको

विडंबनपट आणि स्वामित्व हक्क यांविषयीचा रविवार पुरवणीतील लेख वाचला. गाजलेल्या साहसकथांवर बेतलेले प्रौढांसाठीचे चित्रपट रोखण्याचा अधिकार मूळ लेखकाच्या वारसांना सरसकट असावा, हे त्यातील मत पटणारे नाही.

असे बहुतेक चित्रपट सुमार असतात, हे मान्यच आहे. परंतु सुमारपणाने स्वामित्व हक्काचा भंग होत नाही आणि अश्लीलतेसाठी सेन्सॉर व फौजदारी कायदा वेगळे आहेतच. बेल्जियन व्यंगचित्रकार पिशा यांनी १९७५ मध्ये ‘टारझून’ या प्रौढांसाठीच्या अ‍ॅनिमेशनपटात टारझनची यथेच्छ टर उडवली, तेव्हा हक्कधारक पॅरिसच्या न्यायालयात गेले. १९७८ मध्ये न्यायालयाने ते विडंबनच असल्याचे मानून चित्रपटाच्या बाजूने कौल दिला. त्यातला जंगलाचा राजा इतका भित्रा आणि धांदरट आहे, की अस्सल टारझन समजून कोणी तिकीट काढण्याची शक्यताच नव्हती. अमेरिकेत मात्र १९७९ मध्ये तो प्रदर्शित झाला, तो शीर्षकातून ‘टारझून’ हे नाव गाळून.

फ्रान्सच्या १९५७ च्या कायद्यात विडंबनाला स्पष्ट सूट होती. योगायोगाने आपला कायदाही १९५७ चाच. मात्र त्याच्या कलम ५२ मध्ये टीका व समीक्षेचा उल्लेख आहे, विडंबनाचा नाही. लेखकाने वारसांचे हात बळकट करण्याऐवजी या उणिवेकडे लक्ष वेधले असते, तर अधिक उचित ठरले असते.

— एक वाचक, सांगली