साष्टीचा उच्चार विचारणाऱ्या मादामना

प्रिय मादाम,

तुम्ही म्हणाला होतात, "पत्र पाठवाल तर तुमच्या भाषेत पाठवा. वाचून दाखवणारं कुणीतरी मी शोधीन." म्हणून मराठीतच लिहितेय. आणि चारचौघांसमोर लिहितेय, कारण तुम्ही जे केलंत ते माझ्या माणसांनाही कळायला हवं. तुमचं नाव आणि पॅरिसमधल्या तुमच्या जुन्या पुस्तकांच्या दुकानाचा पत्ता मात्र घालत नाही. ते तुम्हाला आवडणार नाही, एवढं त्या दीड तासात माझ्या लक्षात आलं होतं.

घरी परतून तीन आठवडे झाले. तुम्ही दिलेलं झाकमाँचं चरित्र टेबलावरच आहे. सकाळचा चहा झाला की आधी शेवटचं प्रकरण उघडते, समासात पेन्सिलीने लिहिलेला तो एक शब्द बघते आणि मग कामाला बसते. अजूनही घसा दाटून येतो.

मराठी वाचकांसाठी थोडं सांगते. व्हिक्टर झाकमाँ हा ८ ऑगस्ट १८०१ रोजी पॅरिसमध्ये जन्मलेला वनस्पतिशास्त्रज्ञ. स्टेंधाल आणि मेरिमे या दोन मोठ्या लेखकांचा मित्र. पॅरिसच्या वनस्पती-उद्यानातल्या संग्रहालयाने त्याला हिंदुस्थानात पाठवलं आणि १८२९ साली तो इथे उतरला. कलकत्ता, हिमालय, लाहोरला महाराजा रणजितसिंहांचा दरबार, काश्मीर असं सगळं फिरला. झाडं, दगड, प्राणी गोळा केले. पण फ्रेंच साहित्यात तो टिकला तो घरच्यांना आणि मित्रांना लिहिलेल्या पत्रांमुळे. ती पत्रं १८३३ मध्ये छापली गेली तेव्हा तो हयात नव्हता. १८६७ मध्ये आणखी अप्रकाशित पत्रं आली, त्यांना प्रस्तावना मेरिमेची. १८३२ चा पावसाळा त्याने आजारपण काढत पुण्यात घालवला, मग कोकणात उतरला, ठाण्याला आला, साष्टीच्या जंगलात हिंडला. साष्टी म्हणजे ठाणे आणि मुंबईची उपनगरं ज्यावर आहेत ते बेट, युरोपीय लोक त्याला साल्सेत म्हणतात. ठाण्याहून मुंबईत पोचला तो तापाने फणफणलेला. एकच दिवस उभा होता, मग अंथरुणाला जो खिळला तो उठलाच नाही. ७ डिसेंबर १८३२ रोजी मुंबईत गेला. वय अवघं ३१.

मी ठाण्याची. तीस वर्षं शाळेत भूगोल शिकवला. निवृत्तीनंतर फ्रेंच शिकायला लागले आणि एका धड्याच्या तळटीपेत हा माणूस भेटला. आमच्या येऊर-घोडबंदरच्या बाजूच्या जंगलात ज्याला मरणाचा ताप भरला असा फ्रेंच लेखक! त्याच्यावर मराठीत लिहायचंच असं ठरवलं. पिएर माएस यांचं १९३४ चं चरित्र मिळाल्याशिवाय ते होणार नव्हतं आणि ते मिळवण्यात माझी चार वर्षं गेली.

त्या चार वर्षांबद्दल फार लिहीत नाही, पण दोन गोष्टी बोलल्याशिवाय राहवत नाही. एका जुन्या ग्रंथालयात हे पुस्तक यादीत होतं. प्रत्येक खेपेला उत्तर एकच, "नोंद आहे, जागेवर नाही." उठून एकदा कपाट बघावं असं तिथे कुणालाच वाटलं नाही. आणि फ्रेंच साहित्याच्या एका नावाजलेल्या प्राध्यापकांना मी फोन केला, तर ते म्हणाले, "बाई, साल्सेत गोव्यात आहे. आधी नकाशा बघा. आणि मराठीत हे वाचणार कोण?" गोव्यातही साष्टी आहे, ते मला माहीत आहे. पण मी ज्या घरातून फोन करत होते ते घरच दुसऱ्या साष्टीत आहे, हे ऐकून घ्यायला ते थांबले नाहीत. त्या दिवशी मी सगळे कागद बांधून माळ्यावर टाकले होते.

लेकीकडे पॅरिसला आले तेव्हाही पुस्तकाची आशा नव्हती. फक्त ते उद्यान बघायचं होतं. झाकमाँच्या अस्थी १८८१ मध्ये मुंबईहून फ्रान्सला नेल्या, त्या आता तिथल्या संग्रहालयात आहेत. तिथून बाहेर पडले, पाऊस आला, तुमच्या दारात उभी राहिले. तुम्ही आत बोलावलंत. काय शोधताय, असं विचारलंत. मी नाव सांगितलं. तुम्ही शिडी लावलीत, दोन कपाटं धुंडाळलीत आणि पिवळट मुखपृष्ठाचं ते पुस्तक माझ्या हातात दिलंत.

पानं कापलेलीच नव्हती. आमच्याकडच्या तरुण वाचकांना हे कळायचं नाही. जुनी फ्रेंच पुस्तकं कडेला दुमडलेल्या पानांसह विकली जात, वाचणाऱ्याने ती सुरीने कापत कापत वाचायची. म्हणजे १९३४ पासून हे पुस्तक कुणीच वाचलं नव्हतं. मला भडभडून आलं. तुम्ही गल्ल्यामागून हाडाच्या मुठीची सुरी काढलीत, शेवटचं प्रकरण शोधलंत आणि सुरी माझ्याकडे दिलीत. माझा हात थरथरत होता म्हणून तुम्ही पान धरलंत. त्या कागदाची बारीक भुकटी तुमच्या काळ्या स्वेटरवर पडली होती, ती तुम्ही झटकलीही नाहीत.

मग तुम्ही शेजारी बसून शेवटच्या पत्राचा मजकूर वाचून दाखवलात, सावकाश, मला समजेल अशा बेताने. १ डिसेंबर १८३२, मुंबई, भाऊ पोर्फिर याला. साष्टीच्या रोगट जंगलात, वर्षातल्या सगळ्यात वाईट दिवसांत, भर उन्हात हिंडून हा आजार घेतला, असं त्यात आहे. मी तुम्हाला थांबवलं आणि मोडक्यातोडक्या फ्रेंचमध्ये म्हटलं की हे वाईट दिवस म्हणजे आमचा ऑक्टोबर. पाऊस संपतो, जमिनीतून वाफ निघते, डबक्यांत डास होतात, घराघरांत ताप असतो. बाहेरचा माणूस पाऊस गेला म्हणून निर्धास्त होतो आणि तिथेच फसतो.

तुम्ही पुस्तक मिटलंत, बोट पानात ठेवून. आणि विचारलंत, "हे साल्सेत, याला तुमच्याकडे काय म्हणतात?"

मादाम, चार वर्षांत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. मी म्हटलं, साष्टी. तुम्ही म्हणून बघितलंत, दोनदा चुकलात, "ष्ट" तुमच्या जिभेवर बसेना. तिसऱ्यांदा बरोबर आला. अर्थ विचारलात. सहासष्ट गावांचा मुलूख म्हणून साष्टी, असं मी सांगितलं. मग पेन्सिल काढून, मला विचारून, त्या छापील नावाच्या समासात तुम्ही तुमच्या लिपीत तो उच्चार लिहिलात. खाली मला देवनागरीत लिहायला लावलंत. म्हणालात, "आता पुस्तक दुरुस्त झालं."

पुस्तक तुम्ही दिलंत, तुमचा वेळ दिलात, त्याचे आभार आहेतच. पण त्या प्रश्नाचं मोल काही वेगळंच. तोवर मी सगळीकडे हात पसरून उभी होते. माझ्याकडेही द्यायला काही आहे, हे पहिल्यांदा तुम्ही पाहिलंत. माएस यांच्या चरित्राचं नावच 'स्टेंधालचा एक मित्र' असं आहे. बिचाऱ्याची ओळख दुसऱ्याच्या नावाने! पॅरिसमधून पाहिलं तर तो तसाच दिसणार, आणि साष्टी म्हणजे त्याच्या शेवटच्या पत्रातलं एक नाव, एवढंच. इथून पाहिलं तर ती वाट, ते ऊन, तो महिना दिसतो. माझ्या लिखाणाला बैठक मिळाली ती तुमच्या त्या टेबलाशी.

त्याच पत्रात तो भावाला लिहितो की दूरदेशी कुणी मरतं तेव्हा घरच्यांना सगळ्यात जास्त छळतं ते त्याच्या एकटेपणाचं चित्र. पण मी एकटा नाही, भोवती भली माणसं आहेत, न सांगता सगळं करतात. मुंबईतला जेम्स निकोल नावाचा इंग्रज व्यापारी त्याच्यासाठी भावासारखा राबला. तो गेल्यावर पोर्फिरला पत्र लिहून सगळं कळवलं तेही निकोलनेच. त्याला याची काहीच गरज नव्हती. झाकमाँ ना त्याच्या देशाचा, ना नात्यागोत्याचा. अशी माणसं कुठल्या मुशीतून येतात, मला कळत नाही. हुद्दा, पदवी, पगार यांचा त्याच्याशी काही संबंध नाही, एवढं मात्र नक्की. आमच्या चाळीत एक मावशी होत्या, कुणाच्याही घरी ताप आला की न बोलावता पेजेचं पातेलं घेऊन यायच्या. तुम्ही पान धरलंत तेव्हा मला त्याच आठवल्या.

माळ्यावरचे कागद उतरवलेत. पहिली तीन प्रकरणं लिहून झाली. ऑक्टोबरअखेर ते पत्र घेऊन येऊरला जाणार आहे, त्याच उन्हात, त्याच वेळेला. मुलगी ओरडतेय, पण पाण्याची बाटली आणि छत्री घेऊन जाईन असं तिला कबूल केलंय.

पुस्तक छापून झालं की पहिली प्रत तुम्हाला. इथल्या बाइंडरशी बोलून ठेवलंय. आधी तो ऐकेना, कापल्याशिवाय पुस्तक देतो का कुणी, म्हणाला. मग सगळी हकीकत सांगितली तेव्हा गप्प झाला. तुमच्या प्रतीतला शेवटचा फर्मा, म्हणजे दुमडलेल्या पानांचा शेवटचा जोड, तो न कापता ठेवणार आहे. सुरी तुमच्याकडे आहेच.

तुमची,
ठाण्याची बाई