चित्रकाराचे सोनखत

संपादक महोदय,

चित्रकार हुंडर्टवासर म्हटले की व्हिएन्नातील रंगीबेरंगी इमारतीचीच चर्चा होते. मैल्याचे खत, म्हणजे सोनखत, करणारा त्यांचा बिनपाण्याचा खत-संडास मात्र विसरला जातो. प्रत्येक वापरानंतर दोन मुठी कोरडा पालापाचोळा, माती किंवा लाकडाचा भुसा टाकायचा, एवढीच शिस्त. दुर्गंधी येते ती लघवी साचल्याने: ढीग गच्च ओला झाला की हवा खेळत नाही आणि मैला कुजण्याऐवजी सडतो. म्हणून लघवी वेगळी काढावी, भुसा वाढवावा. ढीग पिळलेल्या फडक्याइतकाच दमट हवा. भरलेला खड्डा आपल्या हवेत किमान वर्षभर झाकून ठेवावा. घाई केल्यास जंतांची अंडी जिवंत राहतात. कणकवलीच्या गोपुरी आश्रमात गांधीवादी कार्यकर्ते अप्पासाहेब पटवर्धनांनीही सोनखताचाच ध्यास घेतला. कलामहाविद्यालयांनी या दोघांची कामे शेजारी ठेवून शिकवावीत, ही कळकळीची विनंती.

– एक वाचक