9 नंबरची जर्सी पण ठेवलीय

बाय,

तू झोपलीस म्हणून लिहून ठेवतोय. आज माझी वेर्ण्याला नाईट आहे, उद्या सकाळी तुम्ही साखळीहून निघाल तेव्हा मी मशीनपाशीच असणार. 6 ला सुटलो की तिथूनच थेट मडगावला येतो, तुमच्या फुटबॉल स्पर्धेची पहिली मॅच साडेआठची म्हणजे आरामात पोचतो. फोनवर मेसेज टाकला असता पण तुझा फोन असतो आईकडे आणि आई सगळं आधी वाचते. तिनं वाचू नये असं यात काही नाही, पण आधी तू वाच.

गुरुवारी जेवताना जे झालं त्याबद्दल. तू सांगितलंस, "सरांनी मला गोलमध्ये घातलंय," आणि मी काय म्हणालो तर "अरे वा!" तुझ्या हातातला तिसऱ्याचा शिंपला ताटात तसाच राहिला आणि तू उठलीस. तिसऱ्यांचं सुकं टाकून तू उठतेस म्हणजे काहीतरी मोठं बिघडलंय एवढं तरी मला कळायला हवं होतं, पण माझं मागून चालूच, ब्रह्मानंद संखवाळकर बघ, आपल्या गोव्याचा गोलकीपर, भारताचा कप्तान झाला, 1997 ला अर्जुन पुरस्कार मिळाला, कीपर म्हणजे अर्धी टीम वगैरे वगैरे. सगळं खरंच आहे ते. पण जिला 9 नंबर घालून गोल मारायचेत तिला त्या वेळी त्याचं काय? तू दार आपटलंस तेव्हा आई म्हणाली, "आता बोलवा ब्रह्मानंदाला, दार उघडायला." मी गप्प जेवलो. तुझ्या ताटातले तिसरे पण मीच खाल्ले, खोटं कशाला बोलू.

मूळ दोष नरकासुराचा. दिवाळीआधी दोन आठवडे वाड्यावरची सगळी पोरं जाळायच्या पुतळ्याला कागद चिकटवण्यात, मैदानावर कोण नाही, आणि तुमची कीपर त्याचा तो एवढा मोठा हात बसवायला टेबलावर चढली आणि घसरली ती मनगट प्लास्टरमध्येच घेऊन आली. नरकासुर पहाटे जळून मोकळा, आणि टीम बसली कीपर शोधत. सरांनी तुलाच का घेतलं हे मी विचारलं त्यांना, हो, विचारलं, रागावू नको. ते म्हणाले बाकीच्या पोरी बॉल अंगावर आला की तोंड फिरवतात, ही डोळे उघडे ठेवते. एवढंच म्हणाले.

आता एक गोष्ट जी मी तुला कधी सांगितली नाही. तुला मी माझे अडवलेले बॉलच सांगत आलोय. तो कोपऱ्यातला, तो बोटाच्या टोकानं बाहेर काढलेला, तो पावसातला. खाल्लेले गोल सांगितलेच नाहीत. 1993 ची गोष्ट, मी तुझ्याच वयाचा. सरदाचं, म्हणजे पावसाळी भात कापून झालं की शेत मोकळं व्हायचं आणि आम्ही त्यातच खेळायचो, पायात काही नाही, कापलेल्या भाताचे खुंट तळव्यांना असे टोचायचे की पहिले दोन दिवस नाचल्यासारखं पळावं लागायचं. गोलला दोन बांबू, वर आडवी सुंभाची दोरी, बॉल दोरीवरून गेला की खालून यावरून रोज भांडण. मला गोलमध्ये घातलं कारण मी सगळ्यात बारीक आणि पळण्यात सगळ्यात मागे. मी पण रडलो होतो. तुझ्यासारखं दार आपटलं नाही एवढंच, आमच्या दाराला धड कडी पण नव्हती.

तर त्या वर्षी शेजारच्या गावाशी मॅच, आणि रेफरी म्हापशाहून आलेला, शिट्टीबिट्टी, काळे कपडे. 1992 ला नियम बदलला होता, आपल्याच माणसानं मुद्दाम पायानं मागे दिलेला बॉल कीपरनं हातात घ्यायचा नाही. जगात बदलला होता, आमच्या वाड्यावर पोचला नव्हता. आमच्या बॅकनं बॉल मागे दिला, मी नेहमीसारखा उचलून छातीशी धरला आणि शिट्टी. मला वाटलं कोणीतरी पडलं असेल. रेफरी माझ्याकडे येऊन बॉल मागतोय, इनडायरेक्ट फ्री किक, गोलपासून पाच-सहा पावलांवर, आणि मी बॉल सोडतच नाही, पोटाशी घट्ट धरून उभा. सगळं गाव हसत होतं. त्यांनी बाजूला ढकलला, दुसऱ्यानं मारला, गोल. मग त्याच तंद्रीत अजून तीन खाल्ले. हाफटाईमला मी पाणी प्यायला जातो सांगून जो गेलो तो काजूच्या बागेत जाऊन बसलो. परत गेलोच नाही. दुसऱ्या हाफला तुझे काका, म्हणजे माझा धाकटा भाऊ, 10 वर्षांचा, तो उभा राहिला गोलमध्ये, त्यानं तीन खाल्ले पण उभा राहिला. आजी अजून विचारते तू मॅच सोडून कुठे गेला होतास रे, मी सांगतो पोट दुखत होतं. आता तुला माहीत आहे. काकांना चिडवू नको यावरून, चिडवायचं तर मला.

बरं, बॅगेचं. मी तुला खेळ शिकवणार नाही असं आईला शब्द दिलाय, पण नियम सांगितले तर ते शिकवणं नाही.

कानातल्या रिंगा घरीच काढ. तिथे जाऊन नको, ती उजवी रिंग घट्ट आहे, साबण लावल्याशिवाय निघत नाही आणि मागच्या वेळी लाईनमध्ये उभं राहून आई ओढत बसली होती. वरून टेप लावून चालत नाही, काही म्हणजे काही दागिना चालत नाही. शिन गार्ड दोन्ही ठेवलेत, एकाचं वेल्क्रो गेलंय म्हणून इलॅस्टिक शिवलंय. जन्मदाखल्याची झेरॉक्स आणि आधारची झेरॉक्स प्लास्टिकच्या पिशवीत आहे, ती आईकडे दे, पाण्याच्या बाटलीजवळ ठेवू नको. बूट जुनेच घाल. नवे दिवाळीला घेतलेत माहीत आहे, पण दिवसाला दोन मॅच नव्या बुटात म्हणजे रविवारी तू अनवाणी. आणि टर्फ आहे तिथे, अकरानंतर खालून तव्यासारखं तापतं, मॅच नसेल तेव्हा सावलीत बस, गोलपोस्टजवळ गप्पा मारत बसू नका.

बॉल हातात आला की आता 8 सेकंद. हा 2025 ला आलेला नियम, आधी 6 होते पण कोणी मोजायचंच नाही. आता शेवटचे 5 रेफरी हात वर करून बोटांनी दाखवतो आणि जास्त धरलास तर समोरच्यांना कॉर्नर. तुमच्या स्पर्धेत तो लावतात की नाही ते सरांना विचारून घे, नाहीतर तुझा पण 1993 होईल. पेनल्टी आली तर किक बसेपर्यंत एक पाय तरी लाईनवर पाहिजे. बाकी काही नाही. (बॉल पुढे आला तर लाईनवर चिकटून राहू नको, दोन पावलं पुढे ये, गोल लहान होतो. हे शिकवणं नव्हे, हे असंच आठवलं.)

सकाळी पेज करून ठेवायला सांगितलीय आईला, मीठ जरा जास्त घालून, निघायच्या आधी ती पी. पोदेर (पाववाला) येईल पण उंडो (पाव) आणि चहावर निघू नको, बोरीच्या पुलापर्यंत पोचायच्या आत पोटात कावळे ओरडतील. बाटलीत सोलांचं सरबत आहे, मीठ-साखर घातलेलं, दोन मॅचच्या मध्ये थोडं थोडं पी. तिथे बाहेर रस ऑम्लेटचा गाडा असतो आणि तुमची अख्खी टीम पहिली मॅच झाली की तिकडे पळते. दुसरी मॅच झाल्यावर खा. मी देईन पैसे, सगळ्यांचे देईन.

जर्सीचं आईनं रात्री बसून केलंय. कीपरची हिरवी जर्सी तुला पार गुडघ्यापर्यंत येत होती, तिनं दोन्ही बाजूंनी टाके घालून घेतलीय आणि बाह्या आत दुमडल्यात, कापल्या नाहीत कारण ती परत द्यायचीय प्लास्टर निघाल्यावर. शिवताना ती म्हणाली, हिचे खांदे कधी एवढे रुंद झाले. मग मशीन थांबवून थोडा वेळ बसली. मी बॉबिन शोधतोय असं दाखवलं.

आणि 9 नंबरची पण ठेवलीय, खाली, टॉवेलच्या आत. सरांना विचारलं होतं (हे पण विचारलं), मॅच चालू असताना कीपर आणि खेळाडू जागा बदलू शकतात, फक्त खेळ थांबलेला पाहिजे आणि रेफरीला आधी सांगायचं. ते म्हणाले दोन गोलांनी पुढे असलो तर शेवटची पाच मिनिटं बघू. फक्त बघू म्हणाले, "हो" असं नाही म्हणाले.

मी कुठे उभा राहणार ते सांगतो म्हणजे तुझी मान सारखी वळणार नाही. तू आईला म्हणालीस की पप्पा गोलच्या मागे उभे राहून बडबडतील, ते मला ऐकू आलं, भिंत एवढी जाड नाही आपली. मेमध्ये त्या मॅचला मी रेफरीला काय काय बोललो ते मलाही आठवतं आणि तू पाणी प्यायला माझ्याकडे न येता दुसऱ्यांच्या बाबांकडे गेलीस ते पण आठवतं. तर मी मागे येणार नाही. समोरच्या बाजूला, त्यांच्या कॉर्नरच्या पलीकडे सावली असेल तिथे, आणि हाफटाईमला बाजू बदलली की मी पण बदलणार, पुन्हा सगळ्यात लांब. नाईट करून आलेलो असेन, कदाचित उभ्या उभ्या डुलकी लागेल, लागली तर आईला सांगू नको.

फातोर्ड्याच्या स्टेडियमवर आपण गेलो होतो ते आठवतं का, 2022 ला, मुलींचा 17 खालचा वर्ल्ड कप, सेमीफायनल, कोलंबिया आणि नायजेरिया? दिवाळीचेच दिवस, तू 9 वर्षांची, पूर्ण वेळ शून्य-शून्य आणि तुझं एकच, पप्पा घरी कधी जायचं. मग पेनल्टी लागल्या आणि तू खुर्चीवर चढलीस ती उतरलीच नाहीस, 6-5 नं कोलंबिया जिंकेपर्यंत. परत येताना फोंड्याला गाडी थांबवली तर तू विचारलंस, त्या गोलमधल्या मुलीला भीती वाटत नसेल? मी काय उत्तर दिलं ते आठवत नाही, बहुतेक काहीतरी ब्रह्मानंदाचंच दिलं असेल.

ग्लोव्हज बाहेरच्या कप्प्यात आहेत. घालायच्या आधी थोडं पाणी मारून ओले कर, कोरड्यावर बॉल सरकतो.

पप्पा