लंकेला निघालेला मारुती एवढ्या घाईत का?

मा. माहिती व प्रसारण मंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली.

स. न. वि. वि.

सुंदरकांडाचा अख्खा पहिला सर्ग, दोनशेच्या आसपास श्लोक, वाल्मीकींनी मारुतीच्या एका उड्डाणावर खर्च केला आहे. दादासाहेब फाळक्यांना ‘लंकादहन’मध्ये (१९१७) त्यासाठी काही क्षणच मिळाले, तेही मुके. उपमा गेल्या, उरला आभाळातून जाणारा एक देह. राम आणि सीता या दोन्ही भूमिकांत नट एकच, अण्णा साळुंके. रंगभूमीवर हे निभावलं नसतं.

‘कालियामर्दन’ची (१९१९) सुरुवात तर मला कीर्तनासारखी वाटते. फाळक्यांची छोटी मंदाकिनी आधी कॅमेऱ्यापुढे एकेक भाव दाखवते आणि बघता बघता तिचा कृष्ण होतो. बुवा पूर्वरंग संपवून आख्यानाला हात घालतात, अगदी तसंच.

हे सगळं मी पाहिलं ते मोबाइलवर, कुणीतरी चढवलेल्या धुरकट तुकड्यांत. वर भलतंच संगीत. त्या काळी हँडल फिरवून सेकंदाला साधारण सोळा चौकटी टिपत; आज त्याच चोवीसच्या वेगानं दाखवल्या की सगळं दीडपट पळतं. बारा मिनिटांचा ऐवज आठ मिनिटांत! घरातली पोरं मारुतीला हसली, आणि मला काही त्यांच्यावर रागावता आलं नाही.

‘लंकादहन’चे आज जेमतेम काही तुकडे शिल्लक आहेत. त्या काळच्या फिती नायट्रेटच्या; अशी फीत एकदा पेटली की पाण्याखालीही जळते. २००३ साली पुण्यात जुन्या फितींच्या कोठाराला लागलेल्या आगीत काय गेलं ते आपलं खातं जाणतं. म्हणून फिती जपण्याबद्दल तक्रार नाही. पण प्रदर्शनाला साठ वर्षं उलटली की चित्रपटाचा स्वामित्वहक्क संपतो, आणि फाळक्यांच्या या चित्रपटांचा तो केव्हाच संपला आहे. मग राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या स्वच्छ प्रती योग्य वेगात सर्वांना फुकट पाहायला का मिळू नयेत? सोबत मूळ श्लोक आणि श्रीधर कवींच्या ‘रामविजय’, ‘हरिविजय’मधल्या त्याच प्रसंगांच्या ओव्याही द्याव्यात. कवीचं काय घेतलं, काय टाकलं, हे शेजारी ठेवल्याशिवाय कळत नाही.

संगीत नाही घातलंत तरी चालेल. ओव्या आम्ही म्हणू.

आपला,
एक प्रेक्षक