बूट फाटलंय, सांधा अजून शाबूत आहे

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तू पाठवलेला फोटो काल रात्री मोठा करून करून पाहिला. चाकाच्या आतल्या बाजूला रिमवर काळ्या ग्रीसचे शिंतोडे, थोडे स्प्रिंगवर, आणि बुटाच्या, म्हणजे सांध्यावरच्या घडीदार रबरी पिशवीच्या, दोन घड्यांच्या मधल्या खोबणीत बोटभर लांबीची चीर. तू घाबरून विचारलंस की आता काय. मला मात्र तो फोटो पाहून बरंच वाटलं, कारण गाडी वळताना अजून आवाज करत नाही असं तू सोबत लिहिलं होतंस. ग्रीस ओलं आहे, चीर ताजी दिसते. तुझा सीव्ही जॉइंट, म्हणजे इंजिनची ताकद वळत्या चाकापर्यंत नेणारा तो सांधा, वाचेल. पण हे काम येत्या रविवारी व्हायला हवं, पुढच्या महिन्यात नाही. फोनवर सगळं नीट सांगून होत नाही, म्हणून लिहायला बसलोय.

एवढ्या घाईने का सांगतोय, तेही ऐक. माझ्या आधीच्या गाडीला हेच झालं होतं. चीर दिसली होती, आवाज नव्हता, म्हणून मी चार महिने गाडी तशीच चालवली. मधे पावसाळा गेला. मग एक दिवस स्टिअरिंग पूर्ण फिरवून गाडी वळवताना पुढच्या चाकातून कट-कट-कट असा आवाज आला. चाक जितकं जोरात फिरेल तितका तो भराभर. सांधा खोलला तेव्हा आतलं ग्रीस तपकिरी झालं होतं, आणि चिमटीत घेऊन चोळलं तर बारीक वाळू बोटांना लागत होती. आतल्या सहा पोलादी गोळ्यांपैकी दोन गोळ्यांवर टाचणीच्या टोकाएवढे खड्डे पडले होते. ती गोळी मी तळहातावर घेऊन कितीतरी वेळ बघत बसलो. आरशासारखी गुळगुळीत असायला हवी ती वस्तू, आणि तिला नख अडकत होतं. सांधा टाकून द्यावा लागला. एका रबराच्या पिशवीपायी तो गेला याचं वाईट अजून वाटतं.

त्या रबराच्या आत काय आहे ते एकदा डोळ्यांपुढे आण, म्हणजे सफाईचा मी इतका आग्रह का धरतो ते कळेल. ट्रकखाली लांब शाफ्टला जो यूजे क्रॉस (युनिव्हर्सल जॉइंट) असतो तो तू पाहिला आहेस. दोन काटे आणि मधे अधिकच्या चिन्हासारखा तुकडा. हा सांधा कोनात फिरला की पुढचा शाफ्ट एकसारख्या वेगाने फिरत नाही. ३० अंशांच्या कोनात तो प्रत्येक फेरीत दोनदा सुमारे १५ टक्के जास्त वेगाने जातो आणि दोनदा सुमारे १३ टक्के मंदावतो. पुढच्या चाकांना ताकद द्यायची आणि तीच चाकं वळवायचीही, तर असा झटका चालणार नाही, स्टिअरिंग हातात थरथरेल. १९२६ च्या सुमारास अल्फ्रेड रझेप्पा यांनी यावर जो उपाय काढला, तोच आज तुझ्या गाडीच्या चाकाकडच्या बाजूला आहे. बाहेर एक वाटी, आत एक गोलसर तुकडा, दोन्हींत वक्र खाचा, खाचांत सहा गोळ्या, आणि त्या गोळ्यांना धरून ठेवणारा पिंजरा. शाफ्ट कितीही कोनात वळो, पिंजरा सगळ्या गोळ्या त्या कोनाच्या बरोबर मधल्या पातळीत ठेवतो. दोन्हीकडचा वेग सारखा राहतो. मला यंत्रातल्या ज्या काही गोष्टी मनापासून सुंदर वाटतात, त्यांत ही फार वर आहे.

ताशी ६० किलोमीटरच्या वेगाने तुझं चाक सेकंदाला साधारण नऊ फेऱ्या मारतं. गाडी वळणावर असली की प्रत्येक फेरीत बुटाची प्रत्येक घडी एकदा उघडते आणि एकदा मिटते. वर्षानुवर्षं हे चालू राहिलं की रबर घडीच्या तळाशीच थकतं, आणि चीर तिथेच पडते. ती पडली की फिरत्या शाफ्टच्या जोराने ग्रीस बाहेर उडतं आणि त्याच वाटेने धूळ-पाणी आत येतं. धूळ आणि ग्रीस मिसळून जे तयार होतं त्याने गोळ्या घासल्या जातात. बूट फाटल्यावर सांधा मरायला लागतो तो असा, आवाज यायच्या बराच आधी.

आता कामाचं.

चाक काढण्याआधी, गाडी जमिनीवर असतानाच, मधला मोठा अ‍ॅक्सल नट सैल कर. तो फार घट्ट असतो, साधारण २०० न्यूटन-मीटरच्या आसपास, त्यामुळे लांब दांड्याचा पाना लागेल. नटाची कड शाफ्टच्या खाचेत ठोकून बसवलेली असेल तर ती आधी छिन्नीने वर काढ. नट सैल झाल्यावर गाडी एक इंचही ढकलू नकोस, चाकाचं बेअरिंग खराब होतं. पुढे गाडी उचलून स्टँडवर ठेव, मागच्या चाकांना ठोकळे लाव. जॅकच्या भरवशावर गाडीखाली हात घालायचा नाही, एवढं वचन मला दे. चाक, खालचा बॉल जॉइंट, लागलंच तर टाय रॉडचं टोक, हे सगळं तुझं तू करशील, त्यावर लिहीत नाही. एबीएसची (ब्रेक लावताना चाक जाम होऊ न देणाऱ्या यंत्रणेची) वायर ताणली जाणार नाही एवढं बघ.

हबमधून शाफ्ट सुटला की तो लोंबकळू देऊ नकोस. गिअरबॉक्सकडच्या बाजूला तीन रोलरवाला वेगळा सांधा असतो, ओढाताणीत तो आपल्या वाटीतून बाहेर येतो आणि मग एकाच्या जागी दोन बुटांचं काम होऊन बसतं. म्हणून मी अख्खा शाफ्टच गिअरबॉक्समधून बाहेर काढतो. गिअर ऑइल सांडेल, खाली भांडं ठेव आणि नंतर तेवढं परत भर. शाफ्ट व्हाइसमध्ये लाकडाच्या दोन पट्ट्या घालून आवळला की पुढचं काम शांतपणे, उजेडात, उभं राहून होतं. या कामात शांतपणाच हवा.

बुटाची दोन्ही टोकं आवळून धरणारे जुने क्लॅम्प काप, बूट कापून फेक. शाफ्टच्या टोकावर सांधा एका लपलेल्या स्प्रिंगच्या कडीने अडकलेला असतो. काही गाड्यांत ती कडी पकडीने फाकवावी लागते, काहींत पितळेचा दांडा आतल्या तुकड्यावर टेकवून हातोडीचा एक नेमका फटका दिला की सांधा सुटतो. फटका पिंजऱ्यावर कधीही नको. पहिले दोन-तीन फटके काहीच होत नाही असं वाटेल. दांडा नीट टेकवला आहे ना एवढं बघ आणि परत मार. सुटतो तेव्हा एकदम सुटतो, खाली फडकं अंथरून ठेव.

इथून पुढे घाई नको. माझा निम्मा वेळ जातो तो सफाईत. आधी चिंधीने जमेल तेवढं ग्रीस पुसून काढ आणि त्यातलं थोडं पांढऱ्या कागदावर पसरून उजेडात तिरपं धर. नुसती काळसर राखाडी चमक दिसली तर ती ग्रीसमधल्या मॉलिब्डेनम डायसल्फाइड या वंगणाच्या भुकटीची, त्यात भीतीचं काही नाही. मातीचे कण किंवा चांदीसारखे तुकडे दिसले तर नीट विचार करावा लागेल. मग सांधा ग्रीस विरघळवणाऱ्या द्रावणात बुडवून, ब्रशने घासून, आतला भाग सगळ्या बाजूंना फिरवत धू. धुतलेलं पाणीदार द्रावण स्वच्छ यायला लागेपर्यंत. शेवटी पूर्ण वाळू दे. आत ओलावा राहिला तर नवं ग्रीस त्या जागी धरत नाही.

वाळल्यावर आतला तुकडा जितका तिरका होईल तितका कर, एकेक गोळी वर येईल. प्रत्येक गोळी बघ, खाच बघ, पिंजऱ्याच्या खिडक्यांच्या कडा बघ. खाचेत चकचकीत पट्टा असणं ठीक आहे, गोळी तिथूनच धावते. नख अडकलं, खड्डा दिसला, किंवा धातू निळसर पडलेला दिसला, तर त्या सांध्यावर नवं बूट चढवू नकोस, नवा सांधा घे. गोळ्या बाहेर काढल्याच तर प्रत्येकीची खाच लक्षात ठेव, त्या आपापल्या जागीच परत गेल्या पाहिजेत. तुझ्या बाबतीत बहुधा काढाव्याही लागणार नाहीत.

जोडताना आधी शाफ्टवर छोटा क्लॅम्प, मग बूट, मग मोठा क्लॅम्प, आणि सगळ्यात शेवटी सांधा. सांधा ठोकून बसवल्यावर लक्षात आलं की क्लॅम्प बाकावरच राहिला, तर परत सगळं खोलायला लागतं. शाफ्टच्या दातऱ्यांवर चिकटपट्टी गुंडाळ, नाहीतर नवं बूट आत सरकवतानाच आतून ओरखडतं. स्प्रिंगची कडी नवीच घाल, नव्या बुटाच्या किटमध्ये असते.

ग्रीस किटच्या पाकिटातलंच वापर. बेअरिंगचं साधं ग्रीस इथे टिकत नाही, आणि आतल्या बाजूच्या तीन रोलरवाल्या सांध्याचं ग्रीस पुष्कळदा वेगळं असतं, त्यामुळे दोन पाकिटं आली तर नावं वाचून वापर. निम्म्याहून जास्त ग्रीस सांध्याच्या मधल्या भोकातून अंगठ्याने दाबत आत भर, गोळ्यांच्या बाजूंनी ते वर येताना दिसलं पाहिजे. उरलेलं बुटात. पाकीट पूर्ण रिकामं कर आणि त्यावर जास्तीचं घालू नकोस, जास्त झालं की बूट फुगतं.

क्लॅम्प लावताना बुटाची कड शाफ्टवरच्या आणि वाटीवरच्या खाचेत बसली आहे का, ते बोट फिरवून बघ. तिथे ग्रीस लागलेलं असेल तर पुसून टाक, कोरड्यावरच क्लॅम्प धरतो. आधी मोठा आवळ. छोटा आवळण्यापूर्वी शाफ्ट सरळ धरून बुटाच्या कडेखाली बोथट, पातळ काडी सरकव. आत कोंडलेली हवा फुस्स करून निघून जाईल आणि बुटाच्या घड्या सारख्या होतील. ही एक गोष्ट फार लोक विसरतात. मग घड्या आत ओढल्या जातात, एकमेकींवर घासतात आणि नवं बूट वर्षभरात परत चिरतं. क्लॅम्पचा कान दाबायला त्याची स्वतःची पकड वापर, साधी पकड निसटते. नवं बूट कडक प्लास्टिकसारखं असेल तर क्लॅम्पला जोर जास्त लागतो, मऊ रबराचं असेल तर तेवढ्याच जोराने ते कापलं जातं. आणि प्लास्टिकच्या टायने काम भागवू नकोस, फिरताना ती निसटते.

तुला कोणीतरी एका बाजूने मुद्दाम उभं कापलेलं, शाफ्टभोवती गुंडाळून चिकटवायचं बूट सुचवलं आहे असं लिहिलंस. शाफ्ट न खोलता बसतं हे खरं. एका गॅरेजमध्ये मला ते घालून दिलं होतं, काही आठवड्यांत जोडाची रेघ उघडली. सगळ्यांचं असंच होईल असं म्हणणार नाही. पण ते घातलं की आतला सांधा कोणी धुत नाही, आणि चिरीतून आत गेलेली माती नव्या ग्रीससकट आतच राहते. मला ते पटत नाही. एकसंध बूट आण.

शाफ्ट परत गिअरबॉक्समध्ये बसवताना ऑइल सीलची ओठासारखी कड दातऱ्यांनी कापली जाणार नाही, असा सरळ घाल. शेवटी बसला की टक् असा आवाज येतो. बाहेर ओढून बघ, सुटता कामा नये. अ‍ॅक्सल नट नवा लाव. घट्ट करताना ब्रेक दाबून धरायला कोणालातरी गाडीत बसव, आणि किती घट्ट हे तुझ्या गाडीच्या पुस्तकात बघून टॉर्क पान्यानेच कर. इथे अंदाज नको, कमी-जास्त दोन्ही झालं तरी भार चाकाच्या बेअरिंगवर येतो.

मग मोकळ्या जागेत गाडी नेऊन डावीकडे पूर्ण, उजवीकडे पूर्ण, हळू गोल फिरव आणि काच खाली करून ऐक. दोन-तीनशे किलोमीटर झाल्यावर परत एकदा चाकाच्या आत डोकावून बघ, रिम कोरडी आहे ना.

आणि दुसऱ्या बाजूचं बूटही बघ. दोन्ही एकाच वयाची असतात. घड्या बोटांनी फाकवून तळाशी बघितल्याशिवाय चीर दिसत नाही, वरून ते ठणठणीत वाटतं.

सांधा धुऊन झाला की, ग्रीस भरायच्या आधी, प्रत्येक गोळीचा जवळून फोटो काढून मला पाठव. मी रविवारी दिवसभर फोन जवळ ठेवतो. शंका आली तर तिथेच थांब आणि फोन कर, कितीही वाजले असले तरी.

तुझाच,
मित्र